रिलॅक्सर, कृष्णवर्णीय स्त्रिया आणि सरळ केसांची सक्ती: माहिती हवी आहे

पाऊलवाट

नमस्कार मंडळी. एका दिवाळी अंकासाठी अमेरिकेतल्या कृष्णवर्णीय स्त्रिया आणि सरळ केसांची सक्ती या विषयावर लेख लिहिते आहे. बरंच वाचून झालं, पण काही ठिकाणी गाडी अडली आहे. जाणकारांनी नेमकं सांगावं.

१. तिकडे ज्याला रिलॅक्सर म्हणतात ते केस सरळ करायचं क्रीम आणि आपल्याकडच्या पार्लरमधलं रिबाँडिंग किंवा स्मूदनिंग एकच का?
२. टाळू भाजते, केस तुटतात हे माहीत असताना पिढ्यान् पिढ्या ते का चालू राहिलं? "सुंदर दिसायचं म्हणून" हे उत्तर मला अपुरं वाटतं.
३. गर्भाशयाच्या कर्करोगाशी संबंध असल्याचं वाचलं. अभ्यासाचे खरे आकडे काय आहेत? उगीच घबराट पसरवायची नाही, आणि झाकूनही ठेवायचं नाही.
४. केसांचा पोत आणि शैली यांवरून भेदभाव करायला मनाई करणारा क्राउन कायदा आल्यावर नोकरीतला आणि शाळेतला त्रास थांबला का?

क्षारपड

पहिल्या प्रश्नाचं उत्तर: नाही. दोन्हींचं रसायन वेगळं आहे आणि लेखात हा फरक यायलाच हवा, कारण धोक्याचं मूळ तिथेच आहे.

केसाचा पीळ टिकतो तो केराटिनमधल्या डायसल्फाइड बंधांमुळे, म्हणजे गंधकाचे दोन अणू एकमेकांना धरून असतात त्यामुळे. रिबाँडिंगमध्ये अमोनियम थायोग्लायकोलेट वापरतात. त्याचा पीएच साधारण ९ ते ९.५. ते बंध सोडवतं, मग इस्त्रीने केस सरळ करतात आणि शेवटी हायड्रोजन पेरॉक्साइडचा न्यूट्रलायझर लावून बंध नव्या जागी पुन्हा जोडतात. सोडवणं आणि जोडणं, असं दोन टप्प्यांचं काम आहे.

रिलॅक्सरमध्ये हायड्रॉक्साइड असतं. "लाय" प्रकारात सोडियम हायड्रॉक्साइड, म्हणजे कॉस्टिक सोडा, साधारण दीड ते साडेतीन टक्के. "नो-लाय" प्रकारात कॅल्शियम हायड्रॉक्साइडचं क्रीम आणि ग्वानिडिन कार्बोनेटचं द्रावण वेगवेगळं येतं. लावायच्या अगदी आधी ते मिसळलं की ग्वानिडिन हायड्रॉक्साइड तयार होतं. दोन्हींचा पीएच १२ ते १४ च्या घरात. पीएचची मोजपट्टी दर अंकाला दहापटीने चढते, त्यामुळे साडेनऊ आणि तेरा यांतला फरक सुमारे तीन हजार पटींचा आहे. टाळूच्या त्वचेचा स्वतःचा पीएच साडेपाचच्या आसपास असतो, हे शेजारी लिहा म्हणजे वाचकाला अंदाज येईल.

हायड्रॉक्साइड त्या जोडीतला गंधकाचा एक अणू काढूनच टाकतं. उरलेल्या एका अणूचा जो नवा बंध होतो त्याला लँथिओनिन म्हणतात, आणि तो मागे फिरवता येत नाही. म्हणून रिलॅक्सरच्या शेवटी जो "न्यूट्रलायझिंग" शाम्पू वापरतात त्याने काहीही जोडलं जात नाही. तो फक्त उरलेला अल्क, म्हणजे अल्कली, निष्प्रभ करतो. नाव सारखं असल्यामुळे इथे फार गोंधळ होतो.

याचाच पुढचा भाग: हायड्रॉक्साइड लावलेल्या केसांवर थायोचं रिबाँडिंग केलं, किंवा उलट, तर केस मुठीत तुटून येतात. आफ्रिकन केसांचं ग्राहक आपल्याकडच्या पार्लरमध्ये आलं तर "आधी काय केलंय" हे फक्त मुळांपुरतं विचारून भागत नाही, केसांच्या पूर्ण लांबीचा इतिहास विचारावा लागतो. केस खांद्यापर्यंत असतील तर टोकांना दोन-तीन वर्षांपूर्वीचं रसायन अजून असू शकतं.

"नो-लाय" म्हणजे सौम्य, हा समजही खोडून काढा. टाळूला ते थोडं कमी झोंबतं एवढंच. केसावर मात्र कॅल्शियमचे क्षार बसतात, त्यामुळे काही खेपांनी केस निस्तेज आणि कोरडे होतात. घरी वापरायचे डबे बहुतेक याच प्रकारचे असतात, आणि "सौम्य आहे" म्हणून जास्त वेळ ठेवले जातात.

फणीकरीण

क्षारपड यांनी रसायन नीट सांगितलंय. हाताने काम करताना काय चुकतं ते मी लिहिते. प्रशिक्षण देताना यावरच सगळा भर असतो.

आधीचे किमान ४८ तास डोकं धुवायचं नाही, खाजवायचं नाही, टोकदार फणी फिरवायची नाही. नखाचा एक ओरखडाही अल्काला आत शिरायला पुरतो. सूज, पुरळ किंवा खपली दिसली तर त्या दिवशी काम करायचंच नाही. मग कपाळाची कड, कान, मान आणि शक्यतो पूर्ण टाळूवर पेट्रोलियम जेली लावायची. केसांचे चार भाग करायचे. हातमोजे घालूनच क्रीम लावायचं, आणि फक्त नव्या वाढीवर. हे केस महिन्याला साधारण पाऊण सेंटिमीटर वाढतात, म्हणजे आठ आठवड्यांत जेमतेम दीड सेंटिमीटर. तेवढ्याच पट्ट्यावर काम करायचं असतं आणि खरी परीक्षा तीच आहे.

क्रीम आधी सरळ झालेल्या भागावर उतरलं की तो भाग दुसऱ्यांदा शिजतो. दर खेपेला असं थोडं थोडं होत गेलं की केस एका ठराविक उंचीवर तुटतात. बाई म्हणते माझे केस वाढतच नाहीत. ते वाढत असतात, तेवढेच खालून तुटत असतात. उपाय म्हणजे जुन्या भागावर आधीच कंडिशनर किंवा जेलीचा थर देणं आणि दोन टचअपमध्ये किमान आठ आठवडे जाऊ देणं. अमेरिकेतल्या त्वचारोगतज्ज्ञांची संघटना दोन ते चार महिन्यांचं अंतर सांगते. सहा आठवड्यांनी केलं तर नवी वाढ एवढी आखूड असते की क्रीम जुन्यावर न जाणं जवळपास अशक्य.

वेळ डब्यावर केसांच्या जाडीप्रमाणे दिलेली असते, बहुधा २० मिनिटांच्या आतली, आणि त्यात लावायचा वेळही धरलेला असतो. म्हणून कपाळाच्या कडेचे बारीक केस शेवटी घ्यायचे. जळजळ सुरू झाली की घड्याळाकडे न बघता धुवायचं. "अजून पाच मिनिटं सोस, चांगले सरळ होतील" हे वाक्य घराघरांत आणि दुकानांत बोललं जातं आणि बहुतेक भाजण्या त्या पाच मिनिटांतल्या असतात.

धुताना कोमट पाणी, भरपूर वेळ. न्यूट्रलायझिंग शाम्पूत बहुधा रंग बदलणारं द्रव्य असतं. फेस गुलाबी आला तर अल्क शिल्लक आहे. पांढरा येईपर्यंत धुवायचं, साधारण तीन वेळा. कानामागे आणि मानेवर हमखास राहून जातं.

लहान मुलींसाठी वेगळे डबे विकले जायचे, अजूनही मिळतात. वरच्या चित्रात हसरी मुलगी असते, आत हायड्रॉक्साइडच असतं. हे लेखात ठळक यावं असं मला मनापासून वाटतं.

पाऊलवाट

दोघांचेही आभार. पण मग दुसरा प्रश्न आणखी टोकदार होतो. इतकं जोखमीचं असूनही आई स्वतः मुलीच्या डोक्याला हे का लावते?

रेवाकाठ

कारण सरळ केस नसल्याची किंमत मुलीला शाळेत आणि पुढे पगारात मोजावी लागेल हे आईला ठाऊक असतं. तुमच्या दुसऱ्या आणि चौथ्या प्रश्नाचं उत्तर म्हणून एकत्रच घ्या.

१७८६ मध्ये लुईझियानाचा स्पॅनिश गव्हर्नर एस्तेबान मिरो याने फतवा काढून स्वतंत्र कृष्णवर्णीय स्त्रियांना केस रुमालाखाली झाकायला लावले. त्या स्त्रियांनी रुमालच इतके रंगीत आणि देखणे बांधले की त्याची वेगळी शैली झाली. गुलामी संपल्यावर फतवे गेले, पण नोकरी देणारे हात गोऱ्यांचेच राहिले आणि "व्यवस्थित" कोण दिसतं हे तेच ठरवत राहिले. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला गरम लोखंडी कंगवा घरोघरी आला. एक दुरुस्ती करून ठेवा, कारण ही चूक बऱ्याच लेखांत असते: केसांच्या उत्पादनांच्या प्रसिद्ध कृष्णवर्णीय उद्योजिका मादाम सी. जे. वॉकर यांनी गरम कंगवा शोधला नाही आणि त्यांचं मुख्य उत्पादन केस सरळ करण्याचं नव्हतं, ते टाळूचं गंधकयुक्त मलम होतं. १९५० च्या दशकात शिकागोच्या जॉन्सन प्रॉडक्ट्ससारख्या कृष्णवर्णीय मालकीच्या कंपन्यांनी रिलॅक्सर बाजारात रुजवला. म्हणजे या धंद्यात त्या समाजाचे उद्योजक, दुकानदार आणि केशकर्तनकार स्त्रिया उभ्या राहिल्या, कुटुंबं चालली. लेखात एकच खलनायक शोधाल तर हा भाग निसटेल.

विरोधही जुना आहे. २८ जानेवारी १९६२ रोजी हार्लेममध्ये "नॅचरली ६२" हा वेषभूषेचा कार्यक्रम झाला. त्यात ग्रँडासा मॉडेल्स गटातल्या मुली नैसर्गिक केसांनी व्यासपीठावर आल्या. छायाचित्रकार क्वामे ब्रॅथवेट त्याच्या आयोजकांपैकी एक.

आता कायदा. १९८१ मध्ये रेने रॉजर्स विरुद्ध अमेरिकन एअरलाइन्स हा खटला न्यूयॉर्कच्या संघीय न्यायालयात चालला. कॉर्नरो, म्हणजे टाळूला चिकटून घातलेल्या बारीक वेण्या, कंपनीने मना केल्या होत्या. न्यायालयाने म्हटलं की वेणी ही सहज बदलता येणारी गोष्ट आहे, जन्मजात नाही, म्हणून तो वंशभेद नव्हे. पुढची जवळजवळ चार दशकं हाच तर्क चालला. अलाबामात मोबील शहरात चॅस्टिटी जोन्स यांना २०१० मध्ये एका कंपनीने फोनवरून ग्राहकांशी बोलण्याची नोकरी देऊ केली आणि लॉक्स, म्हणजे जटांसारखे वळवलेले केस, कापायला नकार दिल्यावर काढून घेतली. २०१६ मध्ये अकराव्या सर्किटच्या अपील न्यायालयाने कंपनीच्या बाजूने निकाल दिला. ग्राहकाला त्यांचे केस दिसणारसुद्धा नव्हते!

या दोन निकालांचा अर्थ असा झाला की मोकळा वाढवलेला ॲफ्रो कायद्याच्या संरक्षणात येऊ शकतो, कारण तो डोक्यातून तसाच उगवतो; पण तेच केस सांभाळायला घातलेली वेणी येत नाही. आता हे केस रोज मोकळे ठेवले तर गुंततात, तुटतात. वेणी, ट्विस्ट (दोन पेडांचा पीळ), लॉक्स हे ते जपायचेच मार्ग आहेत. म्हणजे बाईपुढे उरले दोन रस्ते, केस तोडून घ्या किंवा रसायन लावा. लष्करातही तेच. २०१४ च्या मार्चमधल्या नियमावलीत ट्विस्ट आणि लॉक्सवर बंधनं आली, विरोध झाल्यावर काही शिथिल झाली, आणि लॉक्सना परवानगी मिळायला २०१७ उजाडलं.

ड्यूक विद्यापीठाच्या ॲशली रोझेट आणि मिशिगन स्टेटच्या क्रिस्टी कोवाल यांचा २०२० चा अभ्यास जरूर वापरा. त्यांनी नोकरीच्या उमेदवार म्हणून कृष्णवर्णीय आणि गोऱ्या स्त्रियांची माहिती छायाचित्रांसह लोकांपुढे ठेवली. नैसर्गिक केसांच्या कृष्णवर्णीय उमेदवाराला "व्यावसायिक" दिसण्यात कमी गुण मिळाले आणि मुलाखतीला बोलावण्याची शिफारसही कमी झाली. सल्लागार कंपनीच्या नोकरीसाठी हा फरक ठळक होता, जाहिरात कंपनीसाठी तसा दिसला नाही. याचा अर्थ पेशाचे पोशाखाचे संकेत जितके कडक, तितका केसांचा दंड मोठा.

क्राउन कायदा पहिल्यांदा कॅलिफोर्नियात ३ जुलै २०१९ रोजी मंजूर झाला. आता तो वीसहून अधिक राज्यांत आहे. संघीय पातळीवर प्रतिनिधीगृहाने मार्च २०२२ मध्ये विधेयक मंजूर केलं, सिनेटमध्ये ते अडकलं. त्यामुळे मोबीलमधल्या बाईचे हक्क आणि लॉस एंजलिसमधल्या बाईचे हक्क आजही सारखे नाहीत. शिवाय पळवाट आहे: टेक्ससमध्ये कायदा सप्टेंबर २०२३ मध्ये लागू झाला, पण फेब्रुवारी २०२४ मध्ये तिथल्या न्यायाधीशांनी एका मुलाच्या प्रकरणात ठरवलं की कायदा केसांचा पोत आणि शैली यांना संरक्षण देतो, लांबीला नाही. तेव्हा "त्रास थांबला का" याचं उत्तर: दाद मागायला जागा मिळाली, बऱ्याच ठिकाणी. त्रास थांबलेला नाही.

त्वचाविद

वैद्यकीय बाजू लिहितो. तीन गोष्टी वेगळ्या ठेवा: भाजणं, कायमचं टक्कल, आणि कर्करोग. लेखांत त्या एकत्र कालवल्या जातात.

भाजणं तत्काळ कळतं, त्यावर वर आलंच आहे.

टक्कल दोन प्रकारचं. पहिलं ओढीमुळे होणारं, ट्रॅक्शन ॲलोपेशिया. घट्ट वेण्या, जड जोडकेस, रोजचा ताणलेला अंबाडा यांनी कपाळाच्या कडेचे आणि कानांवरचे केस जातात. खूण अशी की अगदी पुढच्या ओळीतले बारीक आखूड केस शिल्लक राहतात आणि त्यांच्या मागे पट्टा मोकळा दिसतो. आखूड केस वेणीत सापडत नाहीत म्हणून वाचतात. केपटाउनमध्ये डॉ. नोन्हलान्हला खुमालो आणि सहकाऱ्यांच्या २००७ च्या पाहणीत प्रौढ स्त्रियांपैकी जवळपास तीनांत एकीला हा त्रास आढळला, आणि रिलॅक्सर लावलेल्या केसांवर ओढ पडली की धोका वाढतो. वेणी घातल्यावर डोकं दुखलं, कडेला पुटकुळ्या उठल्या, तर ती त्याच दिवशी सोडवायची. लवकर थांबवलं तर केस परत येतात. वर्षानुवर्षं चाललं तर मुळं कायमची जातात.

दुसरं सीसीसीए (सेंट्रल सेंट्रिफ्युगल सिकाट्रिशियल ॲलोपेशिया). हे टाळूच्या मध्यावर, माथ्याशी सुरू होतं आणि गोलाकार बाहेर पसरतं. केसांच्या मुळाभोवती दाह होतो आणि तिथे व्रण भरून चामडी गुळगुळीत होते. सुरुवातीला फक्त माथ्यावरचे केस तुटतात, खाज येते, हात लावला की दुखतं. इथेच चूक होते: कोंडा समजून तेल वाढवलं जातं आणि महिने वाया जातात. बायोप्सी घ्यायची तर टकलाच्या कडेवरून, ४ मिलिमीटरची. मधोमध घेतली तर फक्त व्रण दिसतो, रोग दिसत नाही. उपचार स्टिरॉइडचं मलम, टाळूत ट्रायॅम्सिनोलोनची इंजेक्शनं, डॉक्सिसायक्लिन, आणि तेही पसरणं थांबवण्यासाठी. गेलेले केस बहुधा येत नाहीत. पूर्वी याला "गरम कंगव्याचं टक्कल" म्हणत आणि सगळा दोष बाईच्या सवयींना देत. २०१९ मध्ये पीएडीआय३ या जनुकातले बदल काही रुग्णांत सापडले, म्हणजे अनुवंशही आहे. "तुम्हीच करून घेतलंत" असं रुग्णाला ऐकवणं वैद्यकीयदृष्ट्याही चूक आहे.

आता कर्करोग. अमेरिकेच्या राष्ट्रीय आरोग्य संस्थेचा सिस्टर स्टडी, निष्कर्ष ऑक्टोबर २०२२. ३५ ते ७४ वयाच्या ३३,४९७ स्त्रिया, सुमारे अकरा वर्षं पाठपुरावा, गर्भाशयाच्या कर्करोगाचे ३७८ रुग्ण. केस सरळ करणारी उत्पादनं कधीच न वापरणाऱ्यांपैकी अंदाजे १.६४ टक्के स्त्रियांना वयाच्या सत्तरीपर्यंत हा कर्करोग होईल. आदल्या वर्षभरात चारपेक्षा जास्त वेळा वापरणाऱ्यांत ४.०५ टक्के. "धोका दुपटीहून जास्त" हा मथळा बरोबर आहे, पण शंभरातल्या दोन आणि चार हे आकडेही शेजारी द्या. या अभ्यासातल्या सर्व स्त्रियांच्या बहिणींना स्तनाचा कर्करोग झालेला होता, हेही लिहा. संबंध सर्व वंशांत सारखाच दिसला. पण वापरणाऱ्यांपैकी सुमारे ६० टक्के कृष्णवर्णीय होत्या, म्हणून भार त्यांच्यावर पडतो.

दुसरा अभ्यास बोस्टन विद्यापीठाचा, २०२३ चा, ४४,७९८ कृष्णवर्णीय स्त्रियांचा. पाळी थांबलेल्या आणि दीर्घकाळ रिलॅक्सर वापरलेल्या स्त्रियांत धोका ५० टक्क्यांहून अधिक वाढलेला आढळला. पाळी चालू असलेल्यांत तसा स्पष्ट संबंध दिसला नाही.

हे निरीक्षणावर आधारलेले अभ्यास आहेत, कार्यकारण अजून सिद्ध नाही. संशय अल्कावर कमी आणि सोबतच्या थॅलेट, पॅराबेन, सुगंधी द्रव्यांवर जास्त आहे, कारण त्यांतली काही संप्रेरकांच्या कामात ढवळाढवळ करतात. भाजलेल्या टाळूतून ती जास्त शोषली जाऊ शकतात. अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाने ज्या बंदीची तयारी २०२३ पासून जाहीर केली आणि पुढे ढकलत नेली ती फॉर्माल्डिहाइडवरची आहे. फॉर्माल्डिहाइड मुख्यतः केराटिन ट्रीटमेंटसारख्या उत्पादनांत असतं. ती बंदी आली तरी सोड्याचा डबा दुकानात तसाच राहील.

आणखी एक परिणाम सहसा लिहिला जात नाही: व्यायाम. नॉर्थ कॅरोलिनात १०३ आफ्रिकन-अमेरिकन स्त्रियांच्या पाहणीत पाचांपैकी जवळपास दोघींनी केसांमुळे कधी ना कधी व्यायाम टाळत असल्याचं सांगितलं. गरम कंगव्याने सरळ केलेले केस घामाने परत आखडतात. रिलॅक्सरचे आखडत नाहीत, पण मुळांकडची नवी वाढ फुगते आणि सगळी रचना बिघडते. २०११ मध्ये तत्कालीन सर्जन जनरल रेजिना बेंजामिन यांनी अटलांटातल्या केशभूषेच्या मोठ्या प्रदर्शनात जाऊन याच विषयावर भाषण केलं. रक्तदाब आणि मधुमेह या स्त्रियांत जास्त असताना हा अडसर लहान नाही.

अंतर्नाद

एक शंका. आज अनेक जणी स्वतःच्या आवडीने केस सरळ करतात. त्यांना सगळ्यांना "पीडित" म्हणणं त्यांच्यावर अन्याय नाही का?

रेवाकाठ

अंतर्नाद, तुमचा आक्षेप रास्त आहे आणि लेखिकेने तो मनात ठेवावा. निवड खरी तेव्हा, जेव्हा दुसरा पर्याय घेतल्यावर नोकरी जात नाही. ज्या बाईला तो पर्याय खुला आहे तिने केस सरळ करावेत की वेण्या घालाव्यात यात कुणी बोलू नये. २००८ नंतर अमेरिकेत रिलॅक्सरची विक्री घसरत गेली, यावरून एवढं दिसतं की मोकळीक मिळू लागल्यावर बऱ्याच जणींनी वेगळं निवडलं.

पण निकष गेला नाही, सरकला. नैसर्गिक केसांच्या जाहिरातींतही सैल, लांब, चमकदार वळ्यांचे केस जास्त दिसतात. ज्यांना ४सी म्हणतात ते दाट, अगदी बारीक पिळाचे केस कमी. कपाळाच्या कडेचे केस जेलने चापून बसवायचे, हा नवा दंडक आणि त्यातून नवी ओढ. त्वचाविद यांनी सांगितलेलं कडेचं टक्कल रसायन सोडलेल्या मुलींतही दिसतं ते म्हणून. २०१९ मध्ये दक्षिण आफ्रिकेची झोझिबिनी तुंझी आखूड नैसर्गिक केसांनी मिस युनिव्हर्स झाली याचं अप्रूप यासाठीच होतं. त्याच देशात त्याआधी तीन वर्षं, २०१६ मध्ये, प्रिटोरियातल्या मुलींच्या शाळेत विद्यार्थिनींना केसांच्या नियमांविरुद्ध आंदोलन करावं लागलं होतं.

झुळूक

मराठी वाचकांसाठी एक धागा सुचवते. जोडकेसांतला मोठा वाटा भारतातून जातो. उत्तम प्रतीचा माल, ज्याला "रेमी" म्हणतात, तो तिरुमलासारख्या देवस्थानांत मुंडन केलेल्या केसांचा असतो. सगळे केस मुळापासून टोकाकडे एकाच दिशेत राहतात, त्यामुळे वरचे खवले एकमेकांत अडकत नाहीत. देवस्थान त्यांचा लिलाव करतं. दुसरी प्रत आपल्या दारावरची: फणीत आलेलं गुंतवळ साठवून बायका फुगे किंवा भांडी घेतात, ते. त्यात मुळं आणि टोकं उलटसुलट मिसळलेली असतात, म्हणून आम्लात बुडवून खवले काढतात आणि सिलिकोनचा थर देतात. काही धुण्यांत तो थर गेला की केसांचा गुंता होतो. २०२२ मध्ये भारताने कच्च्या केसांच्या निर्यातीला परवान्याचं बंधन घातलं.

संपूर्ण डोक्याला साधारण तीन गड्ड्या लागतात, प्रत्येकी सुमारे १०० ग्रॅमची. आधी कॉर्नरो घालून त्यांवर वाकड्या सुईने केसांची पट्टी शिवतात. हे तीनशे ग्रॅम त्या वेण्यांवर सहा ते आठ आठवडे लोंबतात. ओल्या वेण्या नीट वाळल्या नाहीत तर आत कुबट वास आणि बुरशी.

पाऊलवाट

गुंतवळाचा धागा नक्की घेते, झुळूक. माझ्या डोक्यात हे जोडलंच गेलं नव्हतं. शेवटचं विचारते: रिलॅक्सर थांबवायचं ठरवलेल्या बाईने नेमकं काय करायचं? चौकटीत देईन.

फणीकरीण

दोन मार्ग. एक, सरळ झालेला सगळा भाग कापून टाकणं. दोन, नवी वाढ होऊ देत दर सहा-आठ आठवड्यांनी टोकं थोडी थोडी कापत जाणं. दुसऱ्याला वर्ष-दीड वर्ष लागतं आणि त्यात कष्ट जास्त, कारण जिथे पिळाचा केस आणि सरळ केस जोडले जातात ती रेघ सर्वांत कमजोर. कोरड्या केसांवर फणी फिरवली की तिथेच कट् होतं.

धुणं आठवड्याला किंवा दोन आठवड्यांनी एकदा पुरे. गुंता काढायचा तो ओल्या केसांत, भरपूर कंडिशनर लावून, आधी बोटांनी, मग रुंद दातांच्या फणीने, टोकाकडून वर. या केसांत टाळूचं तेल पिळांमुळे टोकापर्यंत पोचत नाही, म्हणून धुतल्यावर ओलसर असतानाच तेल किंवा क्रीम टोकांना लावायचं. तेलाने ओल टिकते, कोरड्या केसावर नुसतं थापून उपयोग नाही. रात्री सॅटिनची टोपी किंवा उशीला सॅटिनचा अभ्रा, सुती कापड ओल शोषून घेतं. दोन पोत जुळवायला सैल ट्विस्ट घालावेत. पोत जुळवण्यासाठी रोज इस्त्री फिरवू नये, आठवड्यातून एकदाच्या वर नाहीच. आणि या काळात "थोडं मऊ करणारं" म्हणून केराटिन किंवा थायो लावू देऊ नका, क्षारपड यांनी वर सांगितलेलं कारण इथे जसंच्या तसं लागू आहे.

त्वचाविद

चौकटीत एक ओळ माझी घाला: माथ्यावर खाज, दुखरेपणा किंवा विरळपणा असेल तर रसायन थांबवून वाट बघत बसू नये, त्वचारोगतज्ज्ञाला लगेच दाखवावं. आणि पाळी थांबल्यावर थोडाही रक्तस्राव झाला तर, रिलॅक्सर वापरलेलं असो वा नसो, स्त्रीरोगतज्ज्ञाकडे त्याच आठवड्यात.